सफरचंदाच्या बुंध्याला दुलई

आमच्या घरात सगळ्यात जास्त जागा उशांना होती. हडपसरला एक खोली. तिच्यात आई, बाबा, भाऊ, मी, आणि उरलेल्या सगळ्या जागेत छतापर्यंत उशा. आई उशा भरायची. कारखान्यातून पॉलिस्टरच्या फायबरची पोती यायची, शिवलेल्या खोळी यायच्या. आई तो फायबर हातानं पिंजून मोकळा करायची, खोळीत कोंबायची, आणि मी शाळेतून आले की खोळींची तोंडं शिवायचे. तयार उशा बाबा सायकलला बांधून पोचवायला जायचे. मागून बघितलं तर सायकल दिसायचीच नाही. एक भला मोठा पांढरा ढग पेडल मारत चाललाय असं वाटायचं.

एवढ्या उशा घरात असून आम्ही कोणी उशी घेऊन झोपलो नाही. तेलाचा डाग पडला की उशी परत यायची आणि आईची मजुरी जायची. त्यामुळे डोक्याखाली आपापला हात. फायबर मात्र सगळ्यांच्या वाट्याला सारखा. भातात, वरणात, भावाच्या नाकात, बाबांच्या मिशीत. पुढे कॉलेजात सर आहारात फायबर असावं म्हणून शिकवायला लागले तेव्हा वर्गात मी एकटीच हसले आणि बाहेर उभी राहिले.

कॉलेज म्हणजे बी.एस्सी. अ‍ॅग्री. आमच्या सात पिढ्यांत कोणी कॉलेजची पायरी चढलेलं नव्हतं, आणि मी चढले ती थेट शेतकीची. चाळीत करमणूक झाली. "वावर नाही, बैल नाही, पोरगी शेती शिकणार. करणार कुठं, गच्चीवर?" आमच्याकडे गच्चीही नव्हती. तुळशीची कुंडी होती, ती शेजारणीची होती. पण सीट मिळाली ती तिथे, आणि आई म्हणाली, "जे मिळतंय ते शीक. उशा भरायला डिग्री लागत नाही, बाकी सगळ्याला लागते." मी शिकले. पहिल्या वर्गात पास झाले. हे मी आल्यागेल्याला सांगते, इथेही सांगून टाकते.

मास्टर्सला अ‍ॅडलेडला आले. राहायला मॉसन लेक्सला, चार मुली एका घरात. दिवसा यूनि, रात्री वृद्धाश्रमात शिफ्ट. पीआर, म्हणजे इथे कायम राहायची परवानगी, मिळाल्यावर अ‍ॅडलेडच्या डोंगरातल्या एका सफरचंदाच्या बागेत कामाला लागले. इथल्या आमच्या मराठी ग्रुपमधल्या आयटीवाल्यांना वाटलं की हिची नोकरी गेली. "म्हणजे तू फार्मवर फळं तोडतेस?" हो, तोडते. छाटते, पाणी देते, ट्रॅक्टर चालवते, आणि किडे मारते.

किड्यांचंच सांगायचंय.

बागेचा मालक म्हातारा गोरा, गुडघे गेलेले, टोपी कधीच न धुतलेली. त्याच्या पॅकिंग शेडला लागून नव्या झाडांचा एक तुकडा होता. झाडं लहान, नुकती फळाला आलेली, आणि तिथे सोंडकिड्यांनी उच्छाद मांडला होता. पानांच्या कडांना अशा खाचा, की पीएमटीच्या कंडक्टरनं प्रत्येक पानाला चिमटा मारलाय. फळांचे देठ कुरतडलेले, त्यामुळे सुपारीएवढी फळं सुकून खाली.

या सोंडकिड्याचं चरित्र थोडक्यात सांगते, कारण पुढे ते लागणार आहे. किड्याचं म्हणजे तिचंच म्हणायला हवं, कारण या जातीत सगळ्या बायकाच. नर नाहीतच, आणि त्यांचं कोणाचं काही अडत नाही. उन्हाळा सरता सरता ती मातीत अंडी घालते. पांढऱ्या, बिनपायांच्या अळ्या निघतात आणि हिवाळाभर जमिनीत बसून मुळं खातात. थंडी सरली की तिथेच कोष. नोव्हेंबरच्या सुमाराला, म्हणजे इथला उन्हाळा लागता लागता, त्यातून तांदळाच्या मोठ्या दाण्याएवढी, काळपट, पुढे सोंड काढलेली बाई बाहेर येते. उडता येत नाही. पंखांची झाकणं आहेत, पण जन्मापासून शिवून टाकल्यासारखी घट्ट. म्हणून अंधार पडला की बुंध्यावरून चालत वर, रात्रभर पानं आणि देठ कुरतडायचे, उजाडायच्या आत चालत खाली, आणि दिवसा ढेकळाखाली नाहीतर सालीच्या फटीत झोप. फार ऊन तापलं की सुस्त पडून राहायचं. मग अंडी, मग मरण.

नवरा नाही, गाडी नाही, नाईट शिफ्ट, आणि दिवसा कुठल्यातरी फटीत झोप. स्टुडंट व्हिसावरची माझी वर्षं दुसरं कोणी इतकी नेमकी लिहू शकलं नसतं. तरीही मला तिला मारायचं होतं. नातं आपल्या जागी.

म्हातारा दरवर्षी स्प्रे मारायचा. दरवर्षी ती परत यायची. शिवाय त्या तुकड्याच्या खाली बागेचं तळं होतं, आणि औषध पाण्याबरोबर तिकडे उतरायचं. मी म्हटलं, ती चालत जाते ना, मग रस्ताच अडवू. पॉलिस्टरच्या फायबरचा जाड थर बुंध्याला पट्ट्यासारखा गुंडाळायचा, मधोमध सुतळीनं आवळायचा, आणि वरची कड पिंजून परकरासारखी खाली सोडायची. तिच्या पायांना आकडे असतात. ते तंतूंत गुंततात आणि बाई तिथेच अडकते. झाडाखालचं गवत मात्र कापलेलं हवं, खालच्या फांद्या छाटलेल्या हव्यात. एक काडी जरी फांदीला टेकली तरी तिला जिना मिळतो.

म्हाताऱ्यानं टोपी काढून डोकं खाजवलं. मग म्हणाला, "ठीक आहे मेट. एक सीझन. हा तुकडा फळासकट उभा राहिला तर पुढच्या वर्षापासून सगळी बाग तू चालव, माझे गुडघे संपलेत. नाही राहिला तर ही झाडं उपटून मी चेरी लावतो, आणि तू शेडमध्ये बसून सफरचंदांना स्टिकर लाव."

नेमकी तेव्हा आई व्हिजिटर व्हिसावर आलेली होती. ऑक्टोबरमध्ये फायबरचा रोल आला. मी प्लॅस्टिक फाडलं, आईनं आत बघितलं आणि कमरेवर हात ठेवून म्हणाली, "हे इथंपण आलं का माझ्यामागं?"

"तिकडच्यासारखं नाही गं. हे थराथरानं चिकटवलेलं आहे."

"मला शिकवू नको. समुद्र ओलांडून पोरगी मोठी साहेब झाली म्हणून सांगत फिरते मी, आणि ही झाडाला उशी बांधतीय." पण बोलता बोलता तिनं एका झाडाला पट्टा गुंडाळून सुतळी आवळलीसुद्धा, आणि माझ्यापेक्षा चांगली आवळली. मग किड्याचं सगळं ऐकून घेतलं. "म्हणजे गव्हातल्या टोक्यासारखी ना? आणि बाप्या नसतोच?"

"नसतोच."

"मग तुझ्याच पंथातली," आई म्हणाली. मी तिशी ओलांडली होती आणि लग्नाचं नाव काढत नव्हते, त्याचा हिशेब असा कुठेही चुकता व्हायचा.

सगळ्या तुकड्याला पट्टे बांधून झाले. नोव्हेंबर लागला. सकाळी फेरी मारली की पट्ट्यांखाली अडकलेल्या बायका दिसायच्या. वरची पानं अखंड. म्हातारा रोज येऊन बघायचा, काही बोलायचा नाही. तो बोलत नव्हता म्हणजे बरं चाललं होतं.

दिवाळी झाल्यावरच्या शनिवारी आमच्या मराठी ग्रुपची फराळाची पिकनिक बागेत ठरली. वीसेक घरं. उन्हाळ्यात इथे आगीची भीती, गवतात काडी पेटवायची सोय नाही, म्हणून पणत्या लावायच्या तर शेडच्या काँक्रीटवर, पाण्याची बादली शेजारी ठेवून. म्हाताऱ्यानं एवढ्यावर परवानगी दिली आणि स्वतः खुर्ची टाकून बसला. चकली खाल्ली, मग दुसरी खाल्ली, मग डबाच मांडीवर घेतला. "मेट, हे तू मला तीन वर्षं सांगितलं नाहीस?"

मी लोकांना घेऊन तळ्यापर्यंत चक्कर मारून आले. आयटीवाल्यांनी ट्रॅक्टरवर बसून फोटो काढले. परत आले तेव्हा शेडच्या सावलीत सतरंजीवर काकू बसल्या होत्या. काकू म्हणजे ग्रुपमधल्या एका घरच्या सासूबाई, पुण्याहून मुलाकडे आलेल्या, सहा महिने इथे, सहा महिने तिथे. मांडीवर ताट, ताटात वाती, आणि हात थांबत नव्हते. सोबत आणखी दोघी. मधे पांढऱ्याशुभ्र कापसाची रास. पुण्याहून आणलेला असणार, असं आईनं आणि मी धरून चाललो.

"ये गं. बस," काकू म्हणाल्या. "तुझ्या आईंशी ओळख झाली. छान आहेत." मग आईकडे वळल्या. "तिकडे काय करता म्हणालात?"

"उशा भरते," आई म्हणाली.

"अय्या, छंद म्हणून?"

"पोटासाठी म्हणून," आई म्हणाली, आणि चिवडा पुढे केला. काकूंनी चिवडा घेतला आणि विषय माझ्या लग्नावर नेला. मी त्यांना सोंडकिड्याची गोष्ट सांगितली, नराशिवाय तिचं सगळं कसं सुरळीत चालतं ते. सोबतच्या दोघी हसल्या. काकू नाही हसल्या. "किड्यांचं काय घेऊन बसलीस. तुला माणसं नाहीत का बघायला?"

अंधारायला आलं तशा काँक्रीटवर पणत्या मांडल्या. काकूंनी आपल्या ताज्या वाती तेलात भिजवून लावल्या आणि काडी ओढली. वात पेटली. मग आक्रसली. मग काळा थेंब होऊन तेलात गळली आणि असा वास सुटला की म्हाताऱ्यानं चकलीचा डबा बंद केला.

"तेल वाईट दिसतंय," काकू म्हणाल्या.

आईनं नाक वर केलं. मीसुद्धा. हडपसरच्या खोलीत एकदा स्टोव्हवर उशी पडली होती. तो वास आम्हा दोघींना जन्मभर विसरता येणार नाही.

"काकू," मी म्हटलं, "हा कापूस कुठला?"

"झाडांचा की! अगं, किती तो चांगला कापूस, असा झाडांना गुंडाळून वाया चाललेला. थंडीत बांधला असणार, आता तर उन्हाळा आला. इथल्या दुकानात मेला कापूस मिळतो तो मेकअप पुसायचा. माझ्या लाखवाती चालल्यात, त्रिपुरी पौर्णिमेच्या आत पुऱ्या करायच्यात. म्हटलं, घेऊ थोडा."

थोडा म्हणजे दोन मोठ्या पिशव्या. लाखाचं काम, त्यांना थोडा पुरणार कसा? मी फोनचा उजेड घेऊन तुकड्यात धावले. शेडकडच्या पहिल्या दोन ओळी उघड्या. झाडाझाडाशी सुतळ्या नीट गुंडी करून ठेवलेल्या, कारण काकू नीटनेटक्या. आणि उघड्या बुंध्यांवरून बायका वर निघालेल्या. शांतपणे, रांगेत, शिफ्टला लागल्यासारख्या. त्यांच्या दृष्टीनं दिवाळी आजच होती.

म्हातारा गुडघे सांभाळत मागून आला. बुंध्यांवर टॉर्च फिरवला. काकूंकडे बघितलं, पिशव्यांकडे बघितलं. समजलं त्याला. "तुझी टोळी, तुझी झाडं," तो मला म्हणाला. "सोमवारी मी स्प्रेवाल्याला फोन करतो. आणि चेरीच्या रोपांच्या माणसालाही."

"उद्या रविवार आहे," मी म्हटलं.

"मग?"

"मग उद्याचा दिवस माझा."

"नो वरीज," म्हातारा म्हणाला, पण त्यात वरीज भरपूर होत्या.

अडचण अशी की फायबरचा रोल संपलेला. नवा मागवायचा तर सोमवारशिवाय दुकान उघडणार नाही आणि माल यायला आणखी आठवडा. काकूंच्या पिशव्यांतला निम्मा तोवर वळून वाती झाला होता, उरलेला असा विस्कटलेला की त्याचा थर होणं शक्य नव्हतं. कोणीतरी म्हणालं, उशा फोडू. मी नाही म्हटलं. इथल्या उशांतला फायबर गुळगुळीत केलेला असतो, डोक्याखाली सरकावा म्हणून. त्यावरून ती बाई घसरगुंडी खेळत वर जाईल. हे मला कुठल्याही प्रोफेसरनं शिकवलेलं नाही. असल्या फायबरची पोती मी लहानपणी उपसली आहेत, मला हात लावल्यावर कळतं.

पण डूना चालतो. डूना म्हणजे आपली दुलई. स्वस्तातल्या डूनात तोच चिकटवलेला थर असतो, खरखरीत, सपाट. आणि असा स्वस्तातला डूना आमच्या ग्रुपमध्ये प्रत्येकाच्या कपाटात होता. नवीन आल्यावर पहिल्याच आठवड्यात घेतलेला, पुढे चांगला आल्यावर पाहुण्यांसाठी ठेवलेला. मी काँक्रीटवर उभी राहून सांगितलं, "ज्यांना पुढच्या वर्षी इथे फराळ करायचाय त्यांनी उद्या सकाळी आपला जुना डूना घेऊन या."

"पण मग माझ्या आईबाबांना काय देऊ, ते डिसेंबरमध्ये येणार आहेत," एकानं विचारलं.

"डिसेंबरमध्ये इथे भाजून निघतात. त्यांना पंखा दे."

रविवारी सकाळी गाड्या आल्या. सगळ्या नाही, पण पुरेशा. डिकीतून फुलाफुलांचे, चौकड्यांचे, कार्टूनचे डूने निघाले. आधी, उजाडल्यावर खाली न उतरता झाडांवरच लपून राहिलेल्या बायका खाली आणायच्या होत्या, कारण पट्टा बांधला तर त्या वरच अडकणार आणि खात बसणार. सोंडकिड्याची एक खोड आहे. धक्का बसला की ती पाय आखडून खाली पडते आणि मेल्याचं सोंग घेते. मग डूनांची कव्हरं काढून झाडाखाली अंथरली, चार कोपरे चौघांनी धरले, आणि मी झाड हलवलं. टपटप टपटप. सोंगं घेतलेल्या सगळ्या गोळा करून साबणाच्या पाण्याच्या बादलीत. सालीच्या फटी, ढेकळं, सुतळ्यांच्या गुंड्या, सगळं उलटंपालटं केलं. एका इंजिनिअरनं बादलीत वाकून बघितलं. "हे खरंच सगळं लेडीज आहे?"

"हो."

"आणि एकटीच्या जिवावर एवढा संसार?"

"तुझ्या बायकोला विचार," त्याची बायको म्हणाली.

आई सतरंजीवर बसली आणि डूने उसवायला लागली. कात्री नाही, दातानं टाका तोडायचा आणि एका झटक्यात शिवण फर्रर्र. काकू आल्या तेव्हा जरा उशीर झाला होता. त्यांच्या हातात नवा कोरा डूना होता, मुलाच्या लग्नात आहेर म्हणून आलेला, प्लॅस्टिकसकट. आईसमोर बसल्या आणि डूना तिच्यापुढे सरकवला. मग म्हणाल्या, "हा घ्या. सून मला बोलेल. बोलू दे."

"नवा कशाला फोडायचा?" आई म्हणाली.

"लाख वातींचं पुण्य गेलंच माझं. निदान झाडांचं तरी पदरात पडू दे."

"लाख कुठं, किती झाल्या होत्या?"

"अहो, निम्म्या."

"मग निम्मंच गेलं. धरा ते टोक," आई म्हणाली.

त्या दोघींनी मिळून पट्टे फाडले, आम्ही बांधले. झाडाभोवती थर धरून एकीनं फिरायचं, दुसरीनं सुतळी सोडायची. काकू एका झाडाला तीन फेऱ्या मारून थांबल्या आणि म्हणाल्या, "मागू का याच्याकडे काही, की नको?" मी म्हटलं, फळ मागा. दुपार उलटून गेली तेव्हा दोन्ही ओळी परकर नेसून उभ्या होत्या. काही पट्ट्यांवर थराला चिकटलेलं कापड राहिलं होतं, त्यामुळे एका झाडाला गुलाबी फुलं, एकाला निळे हत्ती. म्हातारा काठी टेकत ओळीतून चालत गेला आणि परत आला. एक पट्टा बोटानं ओढून बघितला.

"हत्ती?" त्यानं विचारलं.

"ते बोनस आहेत."

त्या रात्री आई आणि मी शेडमध्येच थांबलो. अंधार झाल्यावर टॉर्च घेऊन बसलो. बायका आल्या, बुंध्यावर चढल्या, परकराखाली शिरल्या, आणि तिथेच राहिल्या. एक पाय काढते तर दुसरा अडकतो. आईनं वाकून बघितलं. "बिचारी," ती म्हणाली, आणि लगेच, "मर." मग आम्ही झोपलो. मी जॅकेटची गुंडाळी करून डोक्याखाली घेतली, आईनं हात.

म्हाताऱ्यानं सोमवारी स्प्रेवाल्याला फोन केला नाही. मंगळवारीही नाही. पहिल्या दोन ओळींत पानांना खाचा राहिल्या, थोडं फळही गळलं, ते खोटं सांगत नाही. पण देठ टिकले. उन्हाळ्यात पट्टे धुळीनं करडे पडले, हत्ती दिसेनासे झाले, मी दर आठवड्याला वरची कड पिंजून मोकळी करत राहिले, घरी आई करायची तशीच. आई व्हिसा संपून परत गेली. तिनं तिकडून फोनवर विचारायचं ते एकच: "देठ शाबूत आहेत ना?" माझी तब्येत नंतर.

मार्चमध्ये तोडणी केली. त्या तुकड्यातून पेट्या भरून निघाल्या, शेडमध्ये आल्या, आणि म्हाताऱ्यानं पहिल्या पेटीतलं एक सफरचंद उचलून दातानं तोडलं. चावून खाल्लं, देठ हातात धरून निरखलं आणि खिशातून बागेच्या किल्ल्यांचा जुडगा काढून माझ्यासमोर ठेवला. "स्टिकर दुसरं कोणीतरी लावेल," तो म्हणाला.

काकूंच्या घरी मी एक पेटी दिली. त्यांनी पुढच्या वर्षी लाखवाती परत सुरू केल्या, पुण्याहून येताना कापूस बॅगेत घालून. इथल्या कस्टम्सवाल्यांना तो काय आहे ते समजावण्यात त्यांचा अर्धा तास गेला. तो त्यांचा प्रश्न.

नवे पट्टे आता मी वेळेवर मागवते. चेरी लावलेली नाही. ती सगळी बाग मी चालवते, आणि आई आता उशा भरत नाही.